कुमुदताई, तुम्ही हाक मारायला हवी होती

कुमुदताई,

भांडण अर्धं टाकून उठून जाणं तुमच्या स्वभावात नव्हतं. ते माझं काम. तुम्ही बसून राहणाऱ्या. समोरचा दमेपर्यंत, चहा गार होईपर्यंत, हॉकर सेंटरच्या खाण्याच्या टपऱ्यांवरची आंटी टेबल पुसायला येऊन दोनदा परत जाईपर्यंत तुम्ही बसून असायच्या. आणि आता तुम्हीच गेलात, आपलं भांडण टेबलावर तसंच ठेवून. तीन आठवडे झाले. राग अजून उतरलेला नाही.

इथल्या, सिंगापूरच्या मराठी मंडळाच्या अंकासाठी तुमच्यावर लिहा म्हणून मला सांगितलं. फोनवर विचारलं, त्यांच्या पदव्या, पुस्तकं, विद्यापीठातली वर्षं एवढं जरा नीट घ्याल ना? मी म्हटलं, ते सगळं तुमच्या चांगी बिझनेस पार्कातल्या एखाद्या हुशार माणसाला विचारा, तो इंटरनेटवर बघून देईल. मी पाइप, पंप आणि पाण्याच्या टाक्या विकणारा माणूस आहे. मला फक्त भांडण माहीत आहे. ते लिहू दिलं तर लिहितो.

भांडण एका हाकेचं आहे. तीन वर्षांपूर्वी, इथून तीन विमानं बदलून गेल्यावर लागणाऱ्या एका बेटावर, एका छपराखाली, तुम्ही मला हाक मारायला हवी होती. मारली नाहीत. त्याबद्दल मला तुमच्याकडून एक शब्द हवा होता. ‘चुकलं.’ तेवढाच. तुम्ही तो शेवटपर्यंत दिला नाहीत.

पण आधी लिफ्टबद्दल लिहितो, कारण सगळं तिथून सुरू झालं.

आपली मरीन परेडची बिल्डिंग एकच, मी सातव्या मजल्यावर, तुम्ही अकराव्या. वर्षभर आपण एकमेकांना नुसतं ‘नमस्कार’ म्हणत होतो. तुम्ही माझ्याबद्दल एवढंच जाणत होतात की सातव्या मजल्यावरून जो आरडाओरडा येतो तो माझा. त्या दिवशी मी लिफ्टमध्ये फोनवर शिपिंगवाल्यावर ओरडत होतो. ‘किरिबाती! के आय आर आय... अरे बाबा, पॅसिफिकमध्ये, किरिबाती!’ तुम्ही माझ्याकडे वळलात आणि शांतपणे म्हणालात, “किरिबास.”

“काय?”

“देशाचं नाव. किरिबास म्हणतात. त्यांच्या लिहिण्यात स हे अक्षर नाही, म्हणून टी आणि आय लिहून स म्हणतात. कुण्या इंग्रज कप्तानाच्या नावावरून बेटांना नाव पडलं होतं. त्यांनी ते नाव आपल्या तोंडात घोळवलं आणि त्याचं किरिबास झालं.”

मी म्हटलं, “बाई, मला तिथे माल पाठवायचाय. नावाचं काय करू?”

“ज्याचं नाव चुकीचं घेता तो तुम्हाला खरा भाव सांगेल का?”

सातवा मजला आला, दार उघडलं, बंद झालं, आणि मी तुमच्याबरोबर अकराव्यावर गेलो. मला कुणी धंद्यातली गोष्ट शिकवली की मी तिथेच थांबतो. आईनंतर तशी शिकवणारी तुम्हीच भेटलात.

तुमच्या घरात पॅसिफिकचा, तुमच्या आयुष्यभराच्या अभ्यासाचा, भिंतीभर नकाशा होता. निळाच निळा. मी म्हटलं यात जमीन कुठाय? तुम्ही पेन्सिलीचं टोक टेकवून दाखवलंत, इथे, इथे आणि इथे. माशीने घाण केल्यासारखे ठिपके. “हे देश आहेत?” मी हसलो. तुम्ही हसला नाहीत. “भारताच्या जमिनीपेक्षा जास्त समुद्र या एका देशाच्या मालकीचा आहे, साळुंखे. तुमचा नकाशा जमीन मोजणाऱ्यांनी काढलाय म्हणून ते तुम्हाला ठिपके दिसतात.”

तुम्हाला माणसाची नस कळायची. मला इतिहास सांगितलात तो सौद्यांचा. मोठ्या देशांच्या बोटी एकेका बेटाकडे वेगळ्या जायच्या आणि माशांचा भाव पाडायच्या. मग आठ बेटराष्ट्रं एकत्र बसली आणि म्हणाली, आम्ही मासे विकतच नाही, आमच्या पाण्यात मासे धरायचे दिवस विकतो, आणि दिवस मोजकेच आहेत. हे ऐकून मी खुर्चीतून उठून फेऱ्या मारायला लागलो होतो. काय डोकं! माल विकायचा नाही, मालाकडे जायची वेळ विकायची, आणि ती टंचाईत ठेवायची. मंडईत जन्म काढलेल्या माणसाला हे सुचलं नसतं. किंवा ती वाराची रेषा. नकाशावरची एक रेषा देशाच्या मधून जात होती म्हणून एकाच देशात अलीकडे सोमवार तर पलीकडे रविवार. त्यांनी रेषा उचलली आणि पार पूर्वेला सरकवली. मी विचारलं, “परवानगी कुणाची घेतली?” तुम्ही म्हणालात, “कुणाची घ्यायची असते?” तेव्हा तुमच्या डोळ्यांत जी चमक आली ती मला आठवते. त्या माणसांचा तुम्हाला अभिमान वाटायचा, जशा तुम्ही त्यांच्या माहेरवाशीणच.

आणि मग बानाबा. ते बेट फॉस्फेटचं होतं. कंपनीची माणसं आली, जो राजा नव्हताच त्याला राजा ठरवून कागदावर त्याची खूण घेतली, नऊशे नव्याण्णव वर्षांसाठी. बेट खरवडून दुसऱ्यांच्या शेतांत खत म्हणून टाकलं, आणि शेवटी बेटावरची माणसंच उचलून फिजीकडच्या दुसऱ्या एका बेटावर नेऊन ठेवली. तुम्ही विचारलंत, “साळुंखे, हा सौदा कसा वाटतो?”

“हा सौदा नाही. दरोडा आहे.”

“बरं. मी तुमचं सर्व्हिस कॉन्ट्रॅक्ट वाचलंय.”

माझ्या घरात, माझ्या टेबलावर बसून, माझ्या बायकोच्या हातची थालीपीठं खाऊन हे बोललात. सुनंदा आत जाऊन हसत होती. मी ओरडलो. ऋतुजा खोलीतून तिच्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, “बाबा, डोन्ट शाउट ला, शी इज नॉट युअर सप्लायर.”

तर ते कॉन्ट्रॅक्ट. खाऱ्या पाण्याचं गोडं करणारं यंत्र मी विकायला काढलं होतं. यंत्र चांगलं होतं, आजही म्हणतो. दहा वर्षं देखभाल माझी, सुटे भाग माझ्याकडूनच. राजधानी तारावापासून छोट्या विमानाने जावं लागतं अशा एका बेटावरच्या गावाने स्वतःच्या बळावर पाण्याची सोय करायचं ठरवलं होतं. गावाचं नाव लिहीत नाही, तुम्हाला आवडलं नसतं. मी तुम्हाला म्हटलं, बरोबर चला. तुम्ही लगेच हो म्हणालात. मला वाटलं होतं दोन-चार दिवस मनवावं लागेल.

विमानातून ते बेट दिसलं तेव्हा मी खिडकीला कपाळ टेकवलं. पांढऱ्या दोऱ्याचं वेटोळं समुद्रावर पडलेलं, आत शांत हिरवं पाणी, बाहेर काळा महासागर. एवढ्याशा दोऱ्यावर माणसं कशी उभी राहतात? तुम्ही कानाशी ओरडून सांगितलंत, इंजिनाच्या आवाजात, की त्या जमिनीच्या पोटात खाऱ्या पाण्यावर गोडं पाणी तरंगतं, दुधावरच्या साईसारखं. विहिरीतून जास्त उपसलं की साय फुटते. भरतीचं पाणी आत घुसलं तरी फुटते. मी म्हटलं, मग माझं यंत्र लागणारच! तुम्ही मान फिरवलीत.

गावाच्या मध्यभागी ते मोठं छप्पर, मनेआबा. त्यांची चावडी, देऊळ आणि धर्मशाळा सगळं एकच. भिंती नाहीत. वळचण इतकी खाली की आत शिरताना कंबरेत वाकावं लागतं. आत चटया, आणि प्रत्येक घराण्याची बसायची जागा पिढ्यान्‌पिढ्या ठरलेली. तुम्ही माझ्या कानात म्हणालात, “सिंगापुरात टेबलावर टिश्यूचं पाकीट ठेवून जागा धरतात. इथे पणजोबा ठेवून.” मी इतक्या मोठ्याने हसलो की समोरचे म्हातारेही हसायला लागले, का ते न कळता. सुरुवात किती चांगली झाली होती, कुमुदताई.

तीन दिवस बसलो. म्हातारे बोलायचे, गावचा शाळामास्तर इओआने इंग्रजीत सांगायचा. कुणाचा आजा कुठल्या बेटावरून होडीतून आला, कुणाची विहीर कुठल्या वर्षी खारट झाली. मी तुम्हाला विचारायचो, मुद्द्यावर कधी येणार? तुम्ही म्हणायच्या, हाच मुद्दा आहे. दुपारी तुम्ही मला ‘आबा’ हा शब्द सांगितलात. त्यांच्या भाषेत आबा म्हणजे जमीन, आणि आबा म्हणजे त्या जमिनीची माणसं, दोन्हींना एकच शब्द. मी म्हटलं, “आमच्याकडे आबा म्हणजे आजोबा.” तुम्ही म्हणालात, “मग फार लांब नाही आहात तुम्ही. इथे आजोबांना घराशेजारीच पुरतात.” तुमच्या डोळ्यांत पाणी होतं. मी बघितलं नाही असं दाखवलं.

तिसऱ्या दिवशी सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाने माझ्याकडे बघून एकच प्रश्न विचारला. यंत्र बंद पडलं तर ते आमच्या मुलांना दुरुस्त करता येईल का?

मी म्हटलं, भाग माझ्याकडून मागवायचे, माणूस मी पाठवीन.

इओआनेने सांगितलं. छपराखाली शांतता. कुणी हलेना. मिनिटं गेली. आता मला जी शांतता माहीत आहे ती कराडच्या मंडईतली. तिथे समोरचा गप्प बसला की त्याचा अर्थ एकच, उतर खाली. माझी आई डोक्यावर पाटी घेऊन मंडईत भाजी विकायची आणि विकत घ्यायची तीही तिथेच. तिने मला सहाव्या वर्षी शिकवलं होतं: भाव जमेना की बोलू नको. ऊठ, आणि चालायला लाग. मागे वळायचं नाही. सातव्या पावलाला हाक येते. माझ्या आयुष्यात ती हाक कधी चुकली नव्हती. इथल्या जुरोंग आयलंडवरच्या कारखान्यांत कंपनीच्या बसने जाणारा पाइप फिटर होतो, तिथून दुकानापर्यंत आलो तो सात-सात पावलं उठून चालतच आलो.

मी उठलो. म्हटलं, “ठीक आहे. मग राहू द्या.” आणि निघालो.

पहिली फजिती अशी की रागाने बाहेर पडायलाही तिथे वाकावं लागतं. मी वाकलो नाही. वळचणीचा वासा कपाळावर बसला. तरी वळलो नाही. पावलं मोजली. सात झाली. दहा. वीस. मी सावकाश चालायला लागलो, त्यांना वेळ मिळावा म्हणून. डुकरांचं कुंपण गेलं, तारोचे, म्हणजे त्यांच्या अळूच्या कंदांचे, खड्डे गेले, फणसासारखी ती झाडं गेली. मागे नुसतं वारं. आणि पाच मिनिटांत समोर महासागर. पुढे चालायला जमीनच नव्हती.

मी तिथे उभा राहिलो. कपाळावरून रक्त येत होतं. एवढा मोठा समुद्र बघून मला पहिला विचार काय आला सांगू? की कुमुदताई तरी येतील.

तुम्ही संध्याकाळी आलात. पाहुण्यांच्या खोपटात शिरलात आणि म्हणालात, “जेवलात का?”

मी जो फुटलो. “तुम्ही बघत होतात ना, मी निघालो ते?”

“बघत होते.”

“मग हाक का नाही मारलीत?”

“तुम्ही निघालात म्हणून. आवाज खाली, साळुंखे. भिंती पानांच्या आहेत.”

“अहो, माणूस निघतो ते हाक मारावी म्हणूनच!”

“ते कराडात. इथे उठलेल्या माणसाला कुणी बस म्हणत नाही. उठला म्हणजे त्याचं बोलून झालं. ते गप्प होते ते विचार करत होते. तुम्ही उत्तर देऊन टाकलंत. मी हाक मारली असती तर तुमच्याबरोबर आलेल्या माणसानेच सांगितल्यासारखं झालं असतं की याचं उठणं खोटं, याचं बोलणंही खोटं असेल.”

“माझी अब्रू मी बघून घेतली असती. तुम्ही सौदा बघायचा होता!”

“मी सौद्यासाठी आलेच नव्हते, साळुंखे. तुमच्यासाठी आले होते.”

ते वाक्य मला तेव्हा ढोंग वाटलं. मी म्हटलं, एवढी वर्षं बेटांवर राहून तुम्हाला दोन्हीकडचं माहीत होतं. मला फक्त माझं माहीत होतं, त्यांना फक्त त्यांचं. त्या छपराखाली दोन्ही समजणारं माणूस एकच होतं, आणि ते गप्प बसलं. याचं उत्तर द्या.

 कापूस आणि डेटॉल काढून माझं कपाळ पुसायला लागलात.

गावाने पुढे एका मदतीच्या योजनेतून पावसाच्या पाण्याच्या टाक्या घेतल्या. मी तुमच्याशी बोलणं टाकलं. जवळजवळ तीन वर्षं. एकाच लिफ्टमध्ये, मी आकड्यांकडे बघायचो, तुम्ही माझ्याकडे. तुम्ही मात्र बोलणं टाकलं नाहीत, मार्ग बदललात. ऋतुजाला भूगोल शिकवायला लागलात आणि तिच्याहाती कात्रणं पाठवायला लागलात. त्या देशाच्या सरकारने फिजीत जमीन विकत घेतली ते कात्रण आलं. मी ऋतुजाला म्हटलं, सांग तुझ्या आंटीला, याला म्हणतात दूरदृष्टी, बुडायच्या आधी दुसरीकडे जागा घेतली. अर्ध्या तासाने पोरगी परत. “बाबा, कुमुद आंटी सेज, जमीन घेतली म्हणजे देश तिकडे जातो का? पुरलेले आबा कोण नेणार? शी सेज यू नो द वर्ड.” मी म्हटलं, सांग तिला, मेलेल्यांपेक्षा जिवंत माणसांचं बघावं. पुन्हा अर्ध्या तासाने, “शी सेज फिजीत उसाच्या मळ्यांवर नेलेल्या आपल्या गिरमिटिया मजुरांची मुलं चौथ्या पिढीलाही जमिनीचे मालक नाहीत, विचारून बघ तुझ्या बाबांना, पाहुणा म्हणून राहणं कसं असतं. बाबा, आय ॲम नॉट पोस्टमन ला!”

 मीही इथे कामाच्या पासवर आलेला माणूस. पंचवीस वर्षं झाली, अजून कुणी ‘कुठले तुम्ही’ विचारलं की कराड म्हणतो. तुम्ही अकराव्या मजल्यावरून बाण मारायच्या आणि तो सातव्यावर बरोबर बसायचा.

मी तुमचं कौतुक कधी केलं नाही. आज करतो, भांडण बाजूला न ठेवता. इतक्या मोठ्या शहरात, जिथे सगळे मोठ्या देशांकडे बघतात, तुम्ही तीस वर्षं लहानांकडे बघितलंत. दयेने नाही. दया केली असती तर तुम्ही मला आवडला नसतात. ती माणसं सौद्यात कुठे हुशार, कुठे हट्टी, कुठे फसली, कुठे आपसांत भांडली, सगळं सांगायच्या. त्यांच्या पुढाऱ्यांना शिव्याही घालायच्या. ‘बिचारी बेटं’ असं तुमच्यासमोर कुणी म्हटलं की तुम्ही त्याला कॉफी पाजायच्या आणि मग सोलायच्या. मंडळाच्या गणपतीत त्या बँकेतल्या साहेबांना, पॅसिफिकला सुट्टीवर जाऊन आलेल्या, तुम्ही विचारलंत, “तिथे कुणाच्या घरी पाणी प्यालात?” तो माणूस प्रसाद न घेता गेला. मी दोन वर्षांचा अबोला मोडून टाळी देणार होतो, हात खिशात दाबून धरला.

मग सुनंदाने सांगितलं, तुम्ही हॉस्पिटलमध्ये आहात, आणि आता फार दिवस नाहीत.

मी आलो तेव्हा तुम्ही अर्ध्या झाल्या होतात. आवाज तोच. मी स्टूल ओढून बसलो. तुम्ही ‘कसे आहात’ विचारलं नाहीत. म्हणालात, “इओआनेचं पत्र आलं होतं. कित्येक महिने पाऊस नाही. टाक्या कोरड्या, विहिरी खारट. पोरं शहाळ्यांवर आहेत.” थांबलात. श्वास घेतलात. “तुमचं म्हणणं अर्धं खरं होतं.”

आणि मी काय केलं? असल्या वेळी शहाणा माणूस हात हातात घेतो. मी म्हटलं, “अर्धं कसं? टाकीत पाणी नाही म्हणजे नाही. यंत्र असतं तर समुद्र होताच समोर.”

“यंत्र एव्हाना बंद पडलं असतं. भाग तुमच्या गोदामात, आणि तुम्ही रुसलेले.”

“मी रुसलो तरी माल वेळेवर पाठवतो!”

नर्स आत डोकावली. “अंकल, सॉफ्टली, कॅन?”

तुम्ही डोळे मिटलेत. मला वाटलं दमलात. मग ओठ हलले. “बरं. पाऊण.”

मरणाऱ्या माणसाशी मी घासाघीस केली आणि पाव मिळवला, कुमुदताई. मला त्याची लाज वाटते. आणि खरं सांगू, आनंदही झाला होता, कारण तुम्हालाही मजा येत होती. तुमच्या चेहऱ्यावर ते हसू होतं, ती रेषा सरकवल्याची गोष्ट सांगतानाचं.

धीर करून मी विचारलं, “आणि हाक?”

तुम्ही डोळे उघडून सरळ माझ्याकडे बघितलंत. “पाण्याचं पाऊण. हाकेचं शून्य.”

“काहीतरी द्या.”

“शून्य, साळुंखे.”

चाळीस वर्षं भाव करतोय. शेवटच्या भावावर असं ठाम राहिलेलं माणूस पाहिलं नाही. मी उठलो नाही. नर्सने उठवेपर्यंत बसून राहिलो.  तेव्हा मला म्हणायचं होतं की तुम्ही माझ्यासाठी आला होतात हे मला कळलंय. तीन विमानं बदलून, त्या वयात, दमा असताना, एका तापट पाइपवाल्यासाठी. ते म्हटलं नाही. उद्या म्हणू, असं वाटलं. मी नेहमी चांगला माल शेवटी काढतो.

तुम्ही गेल्यावर कळवायचं म्हणून मी इओआनेला फोन लावला. तारावात होता, म्हणून लागला. त्याला आधीच कळलं होतं. गाव मनेआबात बसलं होतं, म्हणाला, तुमच्यासाठी, सबंध दिवस. तुमच्या जागी चटई घातली होती. तुमची तिथे जागा आहे, हे मला माहीत नव्हतं.

मग मी विचारलं. जे विचारायला तीन वर्षं धीर झाला नाही, ते. मी उठून गेल्यावर तुम्ही काय केलंत?

“ती बसून राहिली,” इओआने म्हणाला. “म्हाताऱ्यांनी तिला विचारलं, हा कसा माणूस आहे? तिने खूप विचार केला. मग म्हणाली, तापट आहे. पण त्याचा पाइप गळत नाही.”

कुमुदताई, मला आजवर पुष्कळ जणांनी पुष्कळ काही म्हटलंय. तोंडावर आणि पाठीमागे. हे कुणी म्हटलं नव्हतं. मी फोन तोंडापासून लांब धरला. सुनंदा बघत होती.

मला तुमचं म्हणणं पटलेलं नाही, हेही लिहून ठेवतो. एवढं चांगलं बोलणं तुम्हाला माझ्या पाठीमागे करता आलं, तर तोंड वळवून ‘अहो साळुंखे’ म्हणायला काय झालं होतं? पानांची भिंतही नव्हती मध्ये. तुम्ही चुकलात. मी हे कमी करणार नाही.

इओआने अजून फोनवर होता. म्हणाला, पाऊस आता आलाय. पण टाक्यांचे जोड गळतात. जे बसवून गेले ते परत आले नाहीत. निम्मं पाणी वाळूत जातं. मग तो सावकाश बोलला. आमच्यात एक मागणं असतं, बुबुती. आपल्या माणसाकडेच करतात. ज्याच्याकडे केलं त्याला नाही म्हणता येत नाही, आणि त्या बदल्यात काही मागताही येत नाही. म्हातारे म्हणाले, तुझ्याकडे करून बघू. तू तिचा माणूस. तू येऊन जोड बघशील का?

माझ्या तोंडात सगळं तयार होतं. जहाजाचं कोण बघणार, माणूस कुठला, नवीन टाक्या कोण घेणार, त्या यंत्राचं पुढे काय. गोदामात ते यंत्र अजून खोक्यात आहे, तुम्हाला माहीत आहे.

मी म्हटलं, “हो.”

पलीकडे इओआने काही बोलेना. मी सवयीने थांबलो, पुढची अट काय ते ऐकायला. थोड्या वेळाने ध्यानात आलं की अट नाहीच. त्याने मागितलं होतं, मी दिलं होतं, आणि बोलण्यासारखं काही उरलं नव्हतं. अशा जागी मी कधी उभा राहिलो नव्हतो. काय म्हणतात अशा वेळी, ते तुम्हीच सांगू शकला असतात.

मी खिशातून पेन काढलं. विचारलं, “पाइप दोन इंची आहे का दीड?”

“दीड,” तो म्हणाला.

मी लिहून घेतलं.